तांबडा क्रूस

गुरुनाथ : बाकी चित्र झकास जमलंय, वसू. मध्ये गणपती, इकडे मी, तिकडे तू आणि आपली इशिता, सगळे गुडघे टेकून. एकच घोटाळा झालाय. डॉक्टर मी, आणि लाल प्लस तुझ्या डोक्यावर!

वसुंधरा : हात लावू नकोस, ओला आहे. आणि तो प्लस नाही, क्रूस आहे.

गुरुनाथ : गणपतीपुढे क्रूस? शनिवारी माझ्या पन्नाशीला अर्धं हॉस्पिटल येतंय. काय सांगू लोकांना?

वसुंधरा : सांग, युरोपातल्या चित्रकारांची जुनी फ्लेमिश रीत आहे. लाकडावर खडूचं पांढरं अस्तर, वर तेलरंगाचे पातळ थर, एक वाळला की दुसरा. चित्रात दिसतो तो उजेड त्या अस्तराचा...

गुरुनाथ : पाच महिने हेच ऐकतोय. गराजमध्ये गाडी लावता येत नाही. क्रूस कशाला, ते सांग.

वसुंधरा : चित्र काढून घेणारं कुटुंब असंच देवापुढे बसलेलं दाखवत. बघणाऱ्यानं त्यांच्या आत्म्यासाठी प्रार्थना करावी म्हणून. घरातलं कुणी गेलं असलं, तरी त्याला वगळत नसत. जिवंतांच्या रांगेतच बसवायचं आणि डोक्यावर तांबडा क्रूस काढायचा.

गुरुनाथ : वेड लागलंय का तुला? चांगली धडधाकट आहेस.

वसुंधरा : मंगळवारी म्युझियममधून फोन आला होता?

गुरुनाथ : हं... ती बाई. सांगायचं राहिलंच.

वसुंधरा : आज मीच तिला फोन केला. जुनी चित्रं दुरुस्त करायची जागा होती. मुंबईत मी तेच करत होते, गुरू. इथे नऊ वर्षांत पहिला अर्ज केला. आणि तू तिला म्हणालास, "शी जस्ट पेंट्स फॉर फन." जागा दुसऱ्या कुणाला दिली त्यांनी.

गुरुनाथ : मला काय माहीत कसला फोन ते! आणि तू रोज ट्रेननं वेलिंग्टनला गेलीस, तर इशिताला शाळेतून कोण आणणार? माझे ऑन-कॉल असतात.

वसुंधरा : म्हणजे माहीत होतं.

गुरुनाथ : ...बरं, चुकलं. सॉरी. पण तेवढं झाकून टाक ना. एक हात मार वरून.

वसुंधरा : वाळला की मारते. पण तेलरंग जुना झाला की पारदर्शक होतो. खाली झाकलेलं वर दिसायला लागतं.

गुरुनाथ : किती वर्षांनी?

वसुंधरा : बऱ्याच.

गुरुनाथ : मग चालेल.