बाल्ताझारला केळं मिळणार नाही

उपाशी ठेवते म्हणे! मी! ही फिलोमेन! अहो, जिच्या दारातून शेजारणीचं मांजरसुद्धा मासा खाल्ल्याशिवाय हलत नाही, ती बाई घरच्या कासवाला उपाशी ठेवते, असं आमच्या सगळ्या ला दीग बेटावर झालं होतं, धक्क्यापासून चर्चपर्यंत! आणि आमचं बेट ते केवढं? सकाळी इकडे कुणी शिंकलं की दुपारी तिकडच्या टोकाला त्याला न्यूमोनिया झालेला असतो! बसा, बसा, प्रालँची बोट यायला वेळ आहे, तुम्हाला पहिल्यापासून सांगते... अहो, त्या पोत्यावर नका बसू! शेवग्याचा पाला आहे तो. त्याचं दुपारचं जेवण आहे.

तर बाल्ताझार. आमच्या लेकीचं, नादेजचं कासव. नादेज जन्मली तेव्हा माझ्या सासऱ्यांनी तिच्यासाठी आणलेलं, तळहाताएवढं पिल्लू होतं. आता टेबलाएवढं आहे, वर सहा माणसांची पंगत बसेल. तुम्हाला ठाऊकच आहे, पूर्वी मुलगी झाली की कासव आणायचे, मुलीबरोबर वाढवायचे आणि तिच्या लग्नाच्या पंगतीला... हो, तेच. पंगतीला यायचं ते ताटातच यायचं. माझ्या आजीच्या लग्नातलं कासव एवढं मोठं होतं म्हणे की रस्सा उरला तो गावभर वाटला. आता कुणी हात लावत नाही, कायदा आहे. आणि कायदा नसता तरी मी आहे! पण जुन्या बायकांची नजर काही सुटत नाही हो. लग्नघरी आल्या की नवरीकडे नंतर, आधी कासवाकडे. मांड्या बघणार, मान बघणार, चुकचुकणार. कासव गुबगुबीत म्हणजे घर खातंपितं. असा हिशोब!

आणि आमचा बाल्ताझार होता ना गुबगुबीत! का नाही होणार? माझा नवरा ओक्ताव्ह सकाळी पाव-मुरांबा घालायचा, शेजारची सोलांज दुपारचा उरलेला भात आणून ओतायची, सायकलवरून जाणारा पाहुणा बिस्किटं टाकायचा, आणि रविवारी लादोब. चांगली नारळाच्या दुधात साखर घालून शिजवलेली केळी, वाडगंभर! खायचा आणि झोपायचा. आणि एक दिवस उठलाच नाही. म्हणजे जिवंत होता हो, पण चारी पाय नुसते वल्ह्यासारखे हलवतोय आणि पोट जमिनीला चिकटलेलं. माझ्याकडे बघत होता. मी तशीच धावले आणि मोठ्या बेटावर, माहेला, जनावरांच्या दवाखान्यात फोन लावला!

माहेहून डॉक्टरीण आली. तरुण पोरगी, पण आवाज थेट मुख्याध्यापिकेचा. "काय काय घालता याला?" ओक्ताव्हनं छाती पुढे काढून सगळं सांगितलं, पावापासून लादोबपर्यंत, वर म्हणतो कसा, "माशाची आमटीपण आवडते त्याला!" तिनं डोळेच मिटले. मग म्हणाली, "गवत. पाला. जास्वंदीची पानं, रताळ्याचे वेल, शेवगा, अधूनमधून भोपळ्याची फोड. पाव बंद, भात बंद, आणि केळं तर मुळीच नाही. हे नीट पाळलंत तर दीडशे वर्षं सहज जगेल." आणि गेली, बोट पकडायची होती तिला. तिचं काय जातंय! आहार तिनं सांगितला, पाळायचा कुणी? मी!

त्या दिवशी मी अंगणात उभी राहिले, कमरेवर हात ठेवले, आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं सांगितलं : बाल्ताझारला केळं मिळणार नाही म्हणजे नाही!

मग सुरू झालं बघा. पाल्याचा भारा समोर टाकला, तर बाल्ताझारनं डोकं आत. आत म्हणजे आतच, दार लावून घेतल्यासारखं! दुपारी सरपटत सरपटत स्वयंपाकघराच्या उंबऱ्याशी आला आणि तिथंच बसला. मी मासे तळतेय आणि तो बघतोय. नुसता बघतोय! ओक्ताव्ह म्हणे, "अगं, त्यालाही जीव आहे, अर्धं केळं..." केळं मिळणार नाही! सोलांज कुंपणावरून म्हणे, "काय फिलोमेन, तुमच्याकडे वाण्यानं माल देणं बंद केलंय का?" मी म्हटलं, भात तू घरी ठेव, नवऱ्याला घाल, तो बारीक आहे! झोंबलं तिला. तिनंच तर गावभर केलं!

पण मी काही हटले नाही. सकाळी गवत कापायचं, दुपारी जास्वंदीची पानं ओरबाडायची, शेवग्याच्या फांद्या सायकलला बांधून आणायच्या, दोन्ही हातांना फोड. रुसवा किती दिवस टिकणार? आधी एक जास्वंद खाल्ली त्यानं, मी बघत नाहीये असं बघून. मग पानं. मग गवत. आणि एका सकाळी दार उघडते तर काय... बाल्ताझार उभा! चारी पायांवर! आणि त्याच्या पोटाखालून आमची कोंबडी इकडून तिकडे गेली हो, मान ताठ ठेवून! मी तिथंच पायरीवर बसले आणि रडले. खुशाल हसा. रडले मी.

आणि नेमकं तेव्हाच नादेजचं ठरलं. फाब्रिस. चांगला पोरगा, बोटीवर काम करतो, हसतमुख, जरा पोट सुटलंय. लग्नानंतर आमच्याच घरी राहायचं ठरलेलं. त्याला लहानाचा मोठा केला तो त्याच्या आजीनं, क्लेमांसआजीनं, आणि ती नाही म्हणाली तर तो पाणीसुद्धा पिणार नाही. म्हातारी प्रालँहून घर बघायला आली. गुडघे गेलेले, गाडीतून दोघांनी उचलून उतरवली, डोक्यावर स्वतःच्या हातांनी विणलेली गवताची मोठी टोपी, त्यावर फूल. नवरीकडे नंतर बघितलं. आधी कुठे? बरोबर! काठीनं बाल्ताझारची मांडी टोचली. "हाडं लागतात," म्हणाली. मी सांगतेय, आजी, हाडं नाहीत, आधी चरबी होती, आता ताकद आहे, डॉक्टरीण म्हणाली... ऐकतंय कोण! पाल्याच्या ढिगाकडे बघून नाक मुरडलं आणि म्हणाली, "ज्या घरात पोरीच्या कासवाला गवत घालतात, त्या घरात माझ्या फाब्रिसला काय घालतील? लग्नाच्या आधीच्या रविवारी परत येईन. हा भरलेला दिसला तर लग्न. नाहीतर माझा पोरगा माझ्या घरी!"

झालं! घर उलटंपालटं. ओक्ताव्ह म्हणे, "चार दिवसांचा तर प्रश्न आहे, घाल ना पाव." नादेज तर माझ्या गळ्यातच पडली, "आई, एक घड घाल. एकच. मग आयुष्यभर पाला घाल. माझं लग्न मोडेल गं!" पोटची पोर रडतेय समोर. काय वाटलं असेल मला? केळ्यांचा घड स्वयंपाकघरात टांगलेला, पिवळाधम्मक. मी उठले, घडाला हात घातला... आणि खिडकीतून बघते तर हा बाबा अंगणात उभा. उभा हो! परत त्याला जमिनीला चिकटवू? एका म्हातारीच्या नजरेसाठी? नादेजला जवळ घेतलं आणि म्हटलं, बाळा, तुझ्या लग्नासाठी मी घर विकीन, पण बाल्ताझारला केळं मिळणार नाही म्हणजे नाही! पोरगी माझ्याशी बोलेना. नवरा बोलेना. घरात माझ्याशी बोलणारी एक कोंबडी.

आला तो रविवार. म्हातारी आली ती पातेलं घेऊन! स्वतः केलेलं लादोब, काठोकाठ, व्हॅनिला घातलेलं, वास असा की माझ्याच तोंडाला पाणी. "तू घालत नाहीस ना? मी घालते!" ठेंगणं स्टूल मागवलं, बाल्ताझारच्या समोर बसली, टोपी काढून मांडीवर ठेवली, पातेलं पुढे सरकवलं. कुंपणावर सोलांज आणि तिची निम्मी गल्ली. फाब्रिस घामानं ओला. नादेजनं डोळे झाकलेले. बाल्ताझारनं मान बाहेर काढली... लांब केली... पातेल्याचा वास घेतला... सव्वीस वर्षांची सवय त्याची!

आणि उठला तो! चारी पाय ताठ करून, पोट हे एवढं वर! सरळ पातेल्यावरून चालत गेला, लादोब सांडलं मातीत, आणि म्हातारीच्या मांडीवरच्या टोपीचा काठ पकडला. करकर, करकर. वाळलेलं गवत ना ते! डॉक्टरीण म्हणालीच होती, गवत उत्तम. फुलासकट खाल्ली! फाब्रिस माझ्या कानाशी कुजबुजतो, "मावशी... ती लग्नात घालायची होती."

मी मनात म्हटलं, संपलं, मोडलं. म्हातारी रागानं उठायला गेली, तर गुडघे ऐनवेळी वळेनात, तोल गेला, आणि तिनं धरलं काय तर बाल्ताझारची पाठ! दोन्ही हातांनी, सगळा भार टाकून! तो हलला नाही. खांबासारखा उभा राहिला, चघळत. त्याला धरून धरून उठली म्हातारी. ज्या बाईला दोघं उचलतात ती कासवाच्या आधारानं उभी राहिली! त्याची मांडी चाचपली. परत चाचपली. मग स्वतःच्या गुडघ्याकडे बघितलं, आणि माझ्याकडे वळून विचारलं, "याला... नक्की काय काय घालतेस?"

झालं लग्न. थाटात झालं. आणि लग्नानंतर राहायला कोण आलं? फाब्रिस, आणि फाब्रिसच्या मागोमाग बोचकं घेऊन क्लेमांसआजी. गुडघ्यांसाठी! आता मी रोज पाला कापते तो तिघांचा : एक भारा बाल्ताझारला, एक वाडगा आजींना, एक फाब्रिसला, कारण आजी म्हणतात त्याचं पोट जमिनीला लागायला आलंय. बिचारा माझ्याकडे बघतो. अगदी तसाच बघतो! जिंकले मी, सगळं ला दीग म्हणतं फिलोमेन जिंकली. काल रात्री मी ओटा आवरला, पाय दुखत होते, म्हटलं आता एक केळं तरी खावं. साल अर्धं काढलं असेल नसेल, मागून काठी आपटली : "फिलोमेन! केळं मिळणार नाही म्हणजे नाही!"

ठेवलं परत. काय करणार? डॉक्टरीण म्हणाली होती ना, हा आहार पाळला तर दीडशे वर्षं सहज... कासवाबद्दल म्हणाली होती हो ती! पण आजींना कोण सांगणार?