हरलेल्या केसचा जामीनदार

उंद्रीकर मंडळी, माय-बहिणींनो, सुखदेवकाकांच्या घरची माणसं समोर बसली आहेत. कोर्टात तासन् तास बोलणारा मी वकील, आज काकांच्या शोकसभेत बोलायला उभा आहे. पण रडगाणं गाणार नाही. सुखदेवकाकांमुळे मी एक केस हरलो. ती कशी हरलो, ते आज छाती फुगवून सांगणार आहे.

मंगेश इथंच बसलाय. नाव घेऊन सांगा, असं त्यानंच मला म्हटलं.

विसर्जनाचा बंदोबस्त होता, शस्त्रबंदी लागू होती. पोलिसांनी एका पोराला अडवलं आणि पंच म्हणून बाजारातल्या त्यांच्या भाजीच्या दुकानावरून काकांना नेलं. पोराच्या कमरेतून हातभर सुरा निघाला. काकांनी तोंड पाहिलं, तर शेजारचा मंगेश! कॉलेजात कुणी दम दिला म्हणून त्यानं तो भीतीपोटी बाळगलेला. तरी काकांनी पंचनामा वाचला आणि सही केली.

मी मंगेशचा वकील. अगदी निर्धास्त होतो. अशा केसमध्ये पंच फितूर होतात, हा आमचा नेहमीचा अनुभव. 'माझ्यासमोर काही निघालं नाही, पोलिसांनी सही मागितली, दिली,' एवढं म्हटलं की आरोपी सुटतो. साऱ्या गल्लीनं काकांना तेच सांगितलं होतं. मंगेशच्या आईनं त्यांच्यापुढं पदर पसरला होता.

काका साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभे राहिले. म्हणाले, "हाव, निंघाला सुरा. माह्या डोयासमोर."

मी उलटतपासणीला उठलो. म्हटलं, तुमचं या घराशी वैर आहे, म्हणून तुम्ही खोटं बोलताय.

"वैर काऊन राहीन? याच्या बारशाच्या घुगऱ्या खाल्ल्या हायेत म्या!"

न्यायाधीशसाहेबसुद्धा हसले. मी खाली बसलो. केस तिथंच गेली.

गुन्हा शाबीत झाला. शिक्षेबाबत काही म्हणायचंय का, असं साहेबांनी मंगेशला विचारलं. त्यानं माझ्याकडं पाहिलं. मी विनंती केली, कोवळं वय आहे, पहिलाच गुन्हा आहे, चांगल्या वर्तणुकीच्या हमीवर सोडा. साहेब म्हणाले, जामीन कोण राहणार? मी मागं वळून पाहिलं. गल्लीतलं कुणीच आलं नव्हतं. तेवढ्यात शेवटच्या बाकावरून आवाज आला.

"मी राह्यतो."

काका! ज्यांच्या साक्षीनं पोरगा अडकला, तेच! साहेबही चक्रावले. म्हणाले, अहो, तुम्हीच तर याच्याविरुद्ध बोललात!

"म्हणून तं राह्यतो, साहेब. खोटं बोललो असतो तं आज माह्या जामिनाले काय किंमत राह्यली असती?"

मंडळी, इतकी वर्षं काळा कोट घालतोय, असा युक्तिवाद मला एकदाही सुचला नाही. मंगेश तुरुंगात गेला नाही. दुसऱ्याच दिवशी काकांनी त्याच्या हातात विळा दिला. "चाल बे, पालक कापाले!" आज बाजारातलं ते दुकान कोण चालवतं? सांगा ना, कोण चालवतं? मंगेश चालवतो. हमीतली एकही अट त्यानं मोडली नाही. जिंकले की नाही आपले काका? जिंकले! मी हरलो, आणि काका जिंकले.

पण हमीची मुदत अजून संपलेली नाही, आणि जामीनदार तर गेले. कोर्टापुढं नवा माणूस उभा करावा लागेल. मी आनंदानं राहिलो असतो, पण वकिलाला आपल्याच अशिलाचा जामीन राहता येत नाही.

आता आपण सतरंजीवरून उठून काकांसाठी शांत उभं राहू. थोड्या वेळानं मी 'बसा' म्हणेन. ज्याला मंगेशचा जामीन राहायचंय, त्यानं तेव्हा बसू नये. तो तसाच उभा राहील.

काका, मला तर वाटतं, आज ही सतरंजी रिकामीच राहणार.

उठा, मंडळी.