मला बाहेर बसवणाऱ्या सिस्टर

आदरणीय अध्यक्ष, व्यासपीठावर बसलेले संचालक मंडळाचे मान्यवर, आजच्या सत्कारमूर्ती आपल्या सिस्टर, त्यांचे यजमान, आणि ड्यूटी अदलाबदल करून इथे जमलेल्या माझ्या सहकाऱ्यांनो,

प्रसूती विभागाची प्रमुख म्हणून मी सिस्टरांचं कौतुक करावं, अशी अपेक्षा आहे. करते. पण आधी खरं सांगते, मी या बाईवर जळते. हसू नका! गेली बावीस वर्षं जळते. टाके मी घालायचे, आणि वर्षभराने बाळ दाखवायला आणायचं ते यांना! मला नुसतं दारातून "नमस्कार मॅडम."

ऑक्सिटोसिन, म्हणजे कळा आणणारं आणि माया लावणारं संप्रेरक, मी सलाईनमधून देते. ते शरीरात आपोआप कशाने वाढतं, हेही मी विद्यार्थ्यांना फळ्यावर लिहून देते: आपुलकीचा स्पर्श, मिठी, मंद उजेड, मोकळ्या गप्पा, बाळ आईच्या उघड्या छातीवर ठेवणं. परीक्षेला येतं ना! सिस्टर फळ्याकडे कधी फिरकल्याच नाहीत. त्या सरळ बाईच्या पाठीवर हात ठेवतात.

चार वर्षांपूर्वी माझी मुलगी याच विभागात दाखल झाली. दुपारची वेळ. मी आत गेले ती डॉक्टर म्हणूनच. "श्वास असा नाही घ्यायचा. किती मिनिटांनी येतेय कळ? नीट सांग." तासाभरात कळा मंदावल्या. मी म्हटलं, सलाईन लावा. तर सिस्टर हळूच म्हणाल्या, "मॅडम, बाळाचे ठोके छान आहेत. अर्धा तास द्या. आणि तुम्ही जरा बाहेर बसा. तुम्ही आत आलात की पोरगी अंग चोरते."

मला! माझ्याच विभागात!

बसले बाहेर. दाराच्या काचेतून बघत होते. यांनी दिवे मंद केले, तिच्यामागे बसून कंबर चोळायला लागल्या. काय बोलत होत्या कुणास ठाऊक, पण मुलगी चक्क हसली. मग तिने यांच्या खांद्यावर डोकं टेकलं. माझ्या खांद्यावर तिने शेवटचं डोकं कधी टेकलं होतं? मला आठवेना. कळा पुन्हा सुरू झाल्या, सलाईन लागलंच नाही, नातू सुखरूप झाला. मी आनंदाने नाचायला हवं होतं. पण खरं सांगू? त्या खांद्याचा मला इतका राग आला, की आठवडाभर मी सिस्टरांशी कामापुरतंच बोलले. त्यांनी ते ओळखलं असणार. एका शब्दाने बोलून दाखवलं नाही, याचाही राग आला.

पुढच्या महिन्यात मुलीचं दुसरं बाळंतपण आहे. परवा मी जरा आशेनेच विचारलं, "सिस्टर तर निवृत्त होतायत, मग आत तुझ्याजवळ कोण?" तर म्हणाली, "त्या येणार आहेत आई. मी केव्हाच विचारून ठेवलंय." घ्या! निवृत्त झाल्या तरी माझा नंबर नाहीच.

सिस्टर, जरूर या. फक्त या वेळी मला बाहेर बसवू नका. मी तोंडातून एक शब्द काढणार नाही. आणि माझ्या पोरीची पाठ जरा मलाही चोळू द्या. कशी चोळायची, ते मला येत नाही. दाखवाल?

मंडळी, शांतपणे ऐकून घेतलंत, ऋणी आहे. प्रमुखांना न शोभणारं काही बोलून गेले असेन तर पोटात घाला. मुलीची माफी मात्र मी इथून मागणार नाही. तिच्याजवळ बसून मागेन.