चमकीचा च

भाचीचा नवरा भोपाळचा. माणूस सोन्यासारखा, पण त्याच्या कानात 'च' एकच. आपल्याकडं दोन हायेत राव, चहातला येगळा आन् चमच्यातला येगळा. आमच्या मेंढीचं नाव चमकी, 'च' चमच्यातला. हा दिवाळीला पिंपळवंडीला आला आन् तिला चहातल्या 'च'नं हाका मारत बसला. मेंढी मान वर करीना.

मी म्हटलं, "पावणं, चमकी म्हणा."

"वही तो बोल रहा हूँ, मामाजी. चमकी."

"चहावाला नको, चमचेवाला घ्या."

"दोनों में एक ही तो च है."

माझं लई डोकं फिरलं. त्यानं वाद सोडला आन् रोज मक्याचं कणीस दाखवून त्याच्याच 'च'नं बोलवायला लागला. आठवड्यात मेंढी त्याच्या मागं.

परवा ती शेजाऱ्याच्या कांद्यात शिरली. शेजारी काठी घेऊन निघाला. मी चमच्यातल्या 'च'नं बोंबलतोय, ती ढिम्म. शेवटी लाज सोडली आन् चहातल्या 'च'नं हाक मारली. आली की पळत.

जावई खूश. "देखा मामाजी? इतनी देर से आप यही तो बोल रहे थे. बस ज़रा प्यार से बोलना था."