नवरदेवाला एकोणीस गुण

हं मंडळी, टाळ जरा मांडीवर ठेवा. मागचे पुढं सरका, पुढचे जागे व्हा. मला एक सांगा — अन्याय डोळ्यांसमोर चाललाय आणि नेमकी तोंडात जिलेबी आहे. आधी काय करायचं? बोलायचं, का गिळायचं?

हसू नका! मृदंगवाले बुवा, तुम्ही तर मुळीच हसू नका, तुमचं उत्तर मला माहीत आहे.

ऐका. इथून दोन तालुके पलीकडं गुरांचा सरकारी दवाखाना. तिथं अनुसया तांबारे नावाची बाई, मदतनीस. तीही कंत्राटी. अकरा वर्षं! बैल मारका असो, म्हैस लाथाडी असो — डॉक्टर लांबून सांगणार, अनुसया जवळ जाऊन करणार. जखम धुवायची, पट्टी बांधायची, बैलाशी बोलायचं. आणि बैल ऐकायचा हो! नवऱ्यानं जन्मात ऐकलं नाही, पण बैल ऐकायचा.

तर एक दिवस कायमची जागा निघाली. एकच. अनुसयाचं वय बेचाळीस वर्षं आठ महिने. त्रेचाळीस भरली की सरकारच्या लेखी बाई संपली. म्हणजे ही जागा गेली तर पुन्हा अर्जसुद्धा नाही! लेखी परीक्षेत ती पहिली आली. राहिली मुलाखत, वीस गुणांची.

मुलाखत घेणार उटगे साहेब, जिल्ह्याचे मोठे अधिकारी. आता त्यांच्या कचेरीची रीत ऐका. मुलाखत आज, पण तिचा अहवाल टाइप व्हायचा काल! कोण आलं, काय बोललं, किती गुण — सगळं. का? तर साहेबांना सही करून जेवायच्या आत मोकळं व्हायचं असतं. अहो, सटवाईसुद्धा बाळ जन्मल्यावर कपाळ लिहिते! ही कचेरी तिच्याही पुढं.

दिवस उजाडला. अनुसया आत गेली. साहेबांनी एकच प्रश्न विचारला.

"बाई, किती वाजले?"

"दहा पन्नास, साहेब."

"या."

झाली मुलाखत! साहेब उठले, डोक्याला फेटा बांधला आणि गाडीत बसले. अनुसयाला गुण किती? वीसपैकी दोन. दोन तरी का? वेळ बरोबर सांगितली ना!

आणि नेमणूक कुणाची? प्रद्युम्न नावाच्या पोराची. गुण एकोणीस. शेरा काय — उमेदवाराने बैल हाताळण्याबाबत समाधानकारक उत्तरे दिली. मंडळी, हा प्रद्युम्न शेळी आडवी आली तरी रस्ता बदलतो!

अनुसया कोर्टात गेली. लोक म्हणाले, बाईमाणसानं सरकारशी भांडू नये. साहेबांनी प्रतिज्ञापत्र दिलं की हा उमेदवार माझा कुणी लागत नाही. सहीशिक्क्यानिशी! आता बाईनं काय करावं?

पण अहंकार, मंडळी, अहंकार! तो माणसाला कुठं गाठतो? लग्नपत्रिकेत गाठतो! अनुसयानं ट्रंकेतून एक पत्रिका काढली. साहेबांनी स्वतः अक्षता लावून कचेरीभर वाटलेली, कंत्राटी माणसांनासुद्धा. त्यात वर कोण? चिरंजीव प्रद्युम्न. वराचे मामा कोण? कुलदैवतापेक्षा मोठ्या अक्षरांत, हुद्द्यासकट — उटगे साहेब! आणि मुहूर्त? मुलाखतीचाच दिवस, सकाळी अकरा वाजून सत्तेचाळीस मिनिटं. इकडं अहवालात उमेदवार समाधानकारक उत्तरं देतोय, तिकडं तोच उमेदवार मुंडावळ्या बांधून घोड्यावर बसतोय. मुलाखतीची तारीख वरून आली होती. ती बदलून घ्यायची कशाला? अहवाल तर तयारच होता!

अनुसयाचा वकील म्हणाला, लग्नाला हजर असलेला एक तरी साक्षीदार आणा. ती दारोदार फिरली. किराणावाला म्हणाला, त्यांच्याकडं जेवलोय, कसं बोलू? तिचा सख्खा दीर तर काय म्हणाला माहितीये?

"वहिनी, मी होतो. पण नवरदेवाकडं बघितलंच नाही. पंगत बसली होती ना."

एक माणूस मिळाला नाही. शेवटी ती पत्रिका घेऊन कोर्टात एकटीच उभी राहिली. साहेबांचा वकील म्हणाला, पत्रिका छापली म्हणजे लग्न त्याच दिवशी लागलं असं थोडंच आहे? न्यायाधीशांनी प्रद्युम्नलाच विचारलं, लागलं का नाही? आता हा काय सांगणार? नाही म्हणावं, तर मागच्या बाकावर सासरे बसलेले!

"लागलं, साहेब," प्रद्युम्न म्हणाला. "मामाच मागं उभे होते."

नेमणूक रद्द! कोर्टानं सांगितलं, दुसरी समिती बसवा, मुलाखत नव्यानं घ्या, आणि बाईचं वय अर्जाच्या दिवशीचं धरा. या सगळ्यात तीन वर्षं गेली. पण या खेपेला तिला बैलाचंच विचारलं. ती इतकं बोलली की समितीचा चहा गार झाला. आज ती तिथं कायम आहे.

थांबा, टाळ उचलू नका! अनुसयाचं कौतुक करायला मी उभा नाही. ती तिचं बघायला समर्थ आहे. मी तुमचं-माझं बोलतोय. देवाचं नाव घ्यायला आपलं तोंड केवढं उघडतं! आणि साक्ष द्यायची वेळ आली की त्याच तोंडाला कुलूप?

त्या लग्नाच्या पत्रिका नऊशे वाटल्या होत्या. कोर्टात पोचली एक. मग उरलेल्या आठशे नव्याण्णव कुठं आहेत? माझ्याकडं काय बघता? दोन तालुके म्हणजे काही फार लांब नाही. घरी गेल्यावर, जुन्या पत्रिका अडकवता तो भिंतीवरचा खिळा आधी बघा. मग देव्हाऱ्यापुढं बसा.