एक जूनचा जन्म

११ डिसेंबर १९७३, दुपारचे सव्वातीन. अंबडच्या तहसील कचेरीत गिरिजाबाईंनी अंगठ्याला शाई लावली आणि हात तसाच वर धरून ठेवला. शेजारी त्यांचे मालक कडूबा उभे होते. रांगेत मागे असलेल्या बद्रीनाथ मास्तरांना दोघांचं बोलणं स्पष्ट ऐकू येत होतं.

“टेकव की. आपल्या वसंताला कॅनडात कायम राहायला आईनं दिलेला हा जन्माचा कागद लागतो.”

“पण एक जून कशी? मी हुरडा खात होते तवा कळा आल्या.”

“शाळेत तीच लिवली. गावातली सारी पोरं एक जूनलाच जन्मली.”

“जूनमधी हुरडा असतो का?”

“तिथल्या सायबाला हुरड्याचं काय? पासपोर्टात एक जूनच हाय. दुसरी तारीख लिवली तर अर्ज गेला बाराच्या भावात.”

“तुमी कुठं होते घरी? तीर्थपुरीच्या बाजाराला गेल्ते.”

“गेल्तो. तुलाच बांगड्या आणायला.”

“हिरव्या. त्यातल्या दोन फुटूनच आल्या.”

“मंग, टेकवती ना?”

“म्हंजे त्यानं कायम तिकडं राहावं, म्हणून मीच खोटं बोलू?”

“तो वाट पाहून राह्यला, गिरिजे.”

पाच वाजता कचेरी बंद झाली. कागद कडूबांच्या पिशवीत होता. त्यावर अंगठा नव्हता.