पहिल्याच भागात मरणारा माणूस

...नाही नाही, तुम्ही हसा खुशाल, पण मला सांगा, ऑपरेशनला आलेल्या माणसाला बघून नर्सने छातीवर क्रूसाची खूण करावी? आणि वर ओरडावं, "अगं बाई, हे तर मरणारे!" अहो, मरणारे म्हणजे मालिकेत! इतकी वर्षं पडद्यावर काढली, पण लेओन्ती सव्विच हे माझं नाव अख्ख्या पीटर्सबर्गात कुणाला ठाऊक नाही. चेहरा मात्र शेंबड्या पोरालाही ठाऊक! लाचखाऊ कर्नल मी, दारुडा पहारेकरी मी, बायकोला छळणारा दातांचा डॉक्टर मी... आणि पहिल्या जाहिरातीच्या आत खलास! नेवा नदीत बुडालोय, सूपमधून विष प्यालोय, एकदा तर छपरावरचा बर्फाचा सुळका टाळक्यात पडून गेलो. तुम्हाला सांगतो, मरण्यात माझा हात कोणी धरणार नाही!

पण खरंखुरं मरायची वेळ आल्यावर? सगळी कला विसरलो हो! पित्ताशय सडलेलं, त्यात हृदयही धड नाही, काही सांगता येत नाही म्हणाले डॉक्टर. आणि शेजारच्या खाटेवर गोर्देय, निवृत्त ट्रामचालक. ते काय म्हणतात? "परवाच पाहिलं तुम्हाला. काय सुरेख गेलात!" मी म्हटलं, "आभारी आहे, पण आज तो विषय नको." "नाही, डोळे उघडे ठेवून गेलात ना, ते फार आवडलं." पलीकडचा म्हातारा लगेच, "मागच्या वेळी मिटले होते!" झालं, रंगली चर्चा! माझ्या डोळ्यांवर, माझ्यादेखत!

तेवढ्यात आमची बायको राइसा कोंबडीचं सूप घेऊन आली. "उद्या तरी नाटकं करू नका," म्हणाली, आणि खिडकीकडे तोंड फिरवून उभी राहिली. खांदे हलत होते तिचे... मरण्यात माझा हात कोणी धरणार नाही, पण त्या दिवशी तिने धरला, आणि मी सोडला नाही, बघा.

सकाळी टेबलावर घेतलं. सर्जनबाई एवेलिना मार्कोव्ना वाकल्या. "लेओन्ती सव्विच, माझी आई तुमच्या प्रत्येक मरणाला रडते. आज माझ्या हातून गेलात, तर मला घरात घेणार नाही ती. कळलं?" कळलं म्हणणार, तोच सगळीकडे अंधार...

जाग आली. घसा कोरडा, पोटात ही कळ! अहो, काय सुखाची कळ ती! मेलेल्याला कुठे दुखतं? राइसा एकाच वेळी रडतेय, हसतेय, "वाचलात हो, वाचलात!" गोर्देय टाळ्या वाजवतायत. आयुष्यात पहिल्यांदा टाळ्या, त्याही न मेल्याबद्दल!

आणि दोन दिवसांनी फोन. दिग्दर्शक! "लेओन्ती सव्विच, नवी मालिका, मोठी भूमिका! पहिल्या भागापासून शेवटच्यापर्यंत!"

"म्हणजे... मी मरत नाही?"

"अजिबात नाही!"

टाके विसरून उठून बसलो हो! "संवाद किती आहेत?"

पलीकडे खोकला. "संवाद असे नाहीत... तुम्ही कोमात आहात."

मी छताकडे पाहिलं. राइसाकडे पाहिलं. म्हटलं, "चालेल. पण उशी जरा मऊ ठेवा."